आमच्या विहिरीचा आलेख

मी बढाईखोर आहे, असं माझे कॉलेजातले सहकारी म्हणतात. म्हणोत बापडे. संगमनेरच्या एका कॉलेजात मी तासिका तत्त्वावर सी ही संगणकाची भाषा शिकवते आणि दर वर्षी पहिल्याच तासाला मुलांना माझ्या एका प्रोग्रामची गोष्ट ऐकवते. पुढच्या बाकांवरची मुलं मन लावून ऐकतात, मागच्या बाकांवरची टेबलाखाली मोबाईल बघतात. तरी मी सांगते, कारण आयुष्यात एकदाच माझ्या हातून असं काही झालं की ज्यामुळे माझ्या घरच्यांची मान वर झाली, आणि ते लपवून ठेवण्याएवढी मी शहाणी नाही.

आमचं गाव तालुक्याच्या पठारावर. खाली प्रवरेच्या काठाला ऊस उभा असतो आणि वर आमच्याकडं मार्च उजाडला की पाण्याच्या नावानं बोंब. गावाच्या वरच्या अंगाला पाझर तलाव, तलावाखाली ओढा, आणि ओढ्याच्या पलीकडं आमची बौद्ध वस्ती. वस्तीची विहीर ओढ्याच्या काठालाच आहे. ती कुठल्या योजनेतून आलेली नाही. माझ्या पणजोबांच्या वेळी गावच्या आडावर आमची घागर चालत नव्हती, म्हणून वस्तीतल्या बायाबापड्यांनी दिवसा दुसऱ्याच्या शेतात राबून, उरलेल्या वेळात ही विहीर खणली. पाणी लागलं तेव्हा म्हणे कुणी घरी जायलाच तयार नव्हतं. ही हकिगत मी इतक्या तोंडांतून ऐकली आहे की मी तिथं हजर होते असंच मला वाटतं.

आता ते दिवस गेले. गावच्या नळाला सगळ्यांच्याच घागरी लागतात, नळाला पाणी मात्र नसतं. अशा वेळी आमची विहीर वस्तीला तारून न्यायची. पण मधल्या काही उन्हाळ्यांत तिचंही पाणी लवकर तळाला जायला लागलं. त्याचं कारण वस्तीतल्या कुणालाही विचारा, एकच सांगणार: तलावात सोडलेल्या मोटारी. पाझर तलावातून थेट पाणी उपसायचं नसतं, ते जमिनीत मुरू द्यायचं असतं, हा नियम सगळ्यांना तोंडपाठ. तरीही उन्हाळी कांद्याला आणि डाळिंबाला तिथूनच पाईप गेलेले. आम्ही तक्रार केली की मोटारवाल्यांचं उत्तर ठरलेलं, विहीर जुनी झाली, तिचे झरे बुजले, मोटारींचा काही संबंध नाही.

ज्या वर्षीची ही गोष्ट, त्या वर्षी प्रकरण निकरावर आलं. महाराष्ट्र दिनाच्या ग्रामसभेत एक ठराव येणार, असं कळलं. वस्तीची विहीर निकामी समजून बंद करायची आणि वस्तीला टँकर लावून द्यायचा. ऐकायला किती गोड! मी फोनवर आईला म्हणालेसुद्धा की टँकर आला तर तुझे कष्ट तरी वाचतील. आई भडकली. ती वस्तीतल्या अंगणवाडीत मदतनीस आहे, पोरांच्या खिचडीसाठी आणि घरासाठी रोज सकाळ-संध्याकाळ त्याच विहिरीवरून पाणी शेंदते.

"टँकर येईल तवा येईल, न्हाई येईल तवा कुनाच्या पाया पडू?" ती म्हणाली. "आन एकदा हीर मेली म्हनून लिवून दिलं, तर तळ्यातल्या मोटारीला कोन आडवनार? आपल्या मानसांनी ती हीर कशापायी खांदली मग?"

माझ्या डोक्यात तेव्हा लख्ख प्रकाश पडला. विहीर निकामी नाही हे नुसतं ओरडून कुणी ऐकणार नव्हतं. ते दाखवायला पाहिजे होतं. आणि ग्रामसभेला अजून अवकाश होता, तेव्हा थंडी नुकती संपत आली होती.

आईच्या दोराला हाता-हातावर गाठी होत्याच, घागर किती खोल गेली ते कळावं म्हणून. मी तिला सांगितलं, सकाळी आणि संध्याकाळी पाणी शेंदताना काठापासून पाण्यापर्यंत किती दोर गेला ते बघ आणि मला फोन कर. तेव्हापासून आमचं बोलणंच बदललं. फोन उचलला की जेवलीस का, तब्येत कशी आहे, हे सगळं मागं पडलं, पहिलं वाक्य "आठ हात, एक वीत, दोन बोटं." एकदा मी तापानं फणफणले होते, तरी तिनं आधी विहिरीची खुशाली सांगितली आणि मग माझी विचारली. मी हे तिला अजूनही ऐकवते.

आता हात, वीत, बोटं यांचा हिशोब कोण करणार? मी गावी गेले तेव्हा आईचा हात, तिची वीत आणि तिचं बोट टेपनं मोजून आणलं. ती लाजून हसत होती, "ब्लाऊज शिवायलीस का मला?" मग मी सीमध्ये प्रोग्राम लिहिला. फाईलमधले हात-वीत-बोटं वाचायचे, त्यांचे फूट करायचे, तारखेप्रमाणं ओळीनं मांडायचे. विभागातला एक सहकारी मागून डोकावला आणि म्हणाला, "अहो मॅडम, एक्सेलमध्ये टाका की. दोन मिनिटांत आलेख. हे म्हणजे घास डोक्यामागून फिरवून खाणं झालं." मला असा राग आला! मी म्हणाले, "माझ्या आईची वीत तुमच्या एक्सेलला ठाऊक आहे का?" त्याला ठाऊक असण्याचा प्रश्न नव्हता, दोन मिनिटांत त्यालाही शिकवता आलं असतं, हे मलाही कळत होतं. पण जी भाषा मी रोज खडूनं फळ्यावर शिकवते, तिच्यातून माझ्या वस्तीच्या उपयोगाचं काही निघतं का, हे मला बघायचं होतं. हट्ट म्हणा हवं तर.

अडचण एकच होती. सीमधला प्रोग्राम कंपाईल करून, म्हणजे यंत्राच्या भाषेत उतरवून, चालवला की तो आकडे भराभरा मोजतो, पण चित्र काढायला सांगितलं की गप्प. त्याला रेघ ओढता येत नाही. त्यासाठी ग्नूप्लॉट नावाचं वेगळं साधन लागतं, फुकट मिळणारं, आलेख काढण्यातच हयात गेलेलं. एकीनं पीठ मळायचं आणि दुसरीनं भाकरी थापायची, तसं. माझ्या प्रोग्रामनं आकडे तयार करायचे आणि आतूनच ग्नूप्लॉटला हाक मारून, हे घे, याची रेघ काढ, असं सांगायचं.

पहिल्यांदा चालवलं तेव्हा पडद्यावर खिडकी उघडली आणि डोळा लवतो न लवतो तोच गायब झाली. पुन्हा चालवलं, पुन्हा गायब. मी लॅबमध्ये एकटीच होते म्हणून बरं, नाहीतर माझ्या तोंडचे शब्द मुलांनी ऐकले असते. खूप वेळानं लक्षात आलं. माझा प्रोग्राम आपलं काम आटोपून निघून जात होता आणि जाताना ग्नूप्लॉटलाही बरोबर घेऊन जात होता. तू थांब, मी गेलो तरी खिडकी उघडी ठेव, असं सांगणारा एक शब्द हाक मारतानाच जोडायचा राहिला होता. तो जोडला आणि खिडकी थांबली. पांढऱ्या पडद्यावर एक जांभळी रेघ, थरथरत, पायऱ्या-पायऱ्यांनी सरकत गेलेली. आमची विहीर! मी उठून लॅबभर फेऱ्या मारल्या. शिपाईकाकांनी दारातून विचारलं, "काय मॅडम, नोकरी पक्की झाली का काय?"

मग मी रोज नवे आकडे घालायचे आणि रेघ थोडी पुढं सरकायची. होळी झाल्यावर मात्र एक विचित्र गोष्ट घडली. आठवडाभर आईचे आकडे उलटे यायला लागले. दोर कमी जायला लागला, म्हणजे पाणी वर यायला लागलं. ऐन उन्हाच्या तोंडावर! पाऊस नाही, वळीव नाही. मी आईला विचारलं, गाठी नीट मोजतेस ना? ती म्हणाली, "पानी वर आलंय, येवढं खरं. कशानं आलंय ते मला काय ठावं." नंतर पाणी पुन्हा उतरायला लागलं, पहिल्यापेक्षा जोरात. सहकाऱ्यानं सल्ला दिला, तेवढे आकडे काढून टाका, रेघ छान सरळ दिसेल. मी नाही काढले. पाणी वर का आलं ते मला कळत नव्हतं, पण आईनं पाहिलेलं पाणी मी कोण खोडणार?

ग्रामसभा शाळेच्या हॉलमध्ये भरली, तिथं प्रोजेक्टर होता म्हणून. एरवी ग्रामसभेला कोरम भरताना नाकी नऊ येतात, त्या दिवशी मात्र हॉल गच्च भरलेला. एका बाजूला वस्तीतल्या बाया, आईसकट, पदर खोचून बसलेल्या. दुसऱ्या बाजूला गावातली मंडळी आणि त्यांच्या पुढं एक मोठे बागायतदार. तलावातली पहिली मोटार त्यांची. माणूस वाईट नाही, लग्नकार्यात वस्तीत येऊन जेवणारा, मला लहानपणापासून "पोरी" म्हणणारा. पण पाण्याचा विषय निघाला की त्यांचा आवाज चढायचा. सरपंचबाई मधे बसल्या होत्या आणि त्यांच्या शेजारी ग्रामसेवक वही उघडून. ठराव वाचून झाला. सरपंचबाई म्हणाल्या, कुणाला काही बोलायचंय का? मी उठले.

माझ्या अंगात ऐट होती, खोटं कशाला सांगू. लॅपटॉप जोडला, प्रोग्राम चालवला आणि भिंतीवर आमच्या विहिरीची रेघ उभी राहिली. डावीकडून खालून निघाली आणि मधे एक खड्डा सोडला तर उजवीकडं चढत चढत वर गेली.

मग बागायतदार काकांनी मांडीवर थाप मारली. "आरं वा! पानी तर वर चढलंय की! मग रडताय कशाला?" त्यांची सगळी बाजू हसली. कुणी टाळ्या वाजवल्या. ग्रामसेवकही हसले.

तेव्हा कुठं माझी चूक मला दिसली. आलेखात मी काठापासूनची खोली मांडली होती. खोली वाढली की आकडा वाढतो, आकडा वाढला की रेघ वर जाते. म्हणजे पाणी जसजसं खाली, तसतशी रेघ वर. संगमनेरच्या लॅबमध्ये मी रोज ती रेघ बघत होते, मला ती सरळच वाटत होती, कारण आईचा फोन माझ्या कानात असायचा. भिंतीकडं बघणाऱ्या माणसाला मात्र रेघ वर गेली म्हणजे पाणी वर आलं, हेच वाटणार. चिडले मी, हसणाऱ्यांवर आणि स्वतःवरही. पण तिथं चिडून भागणार नव्हतं. मी सगळ्यांसमोर प्रोग्राम उघडला, उभा अक्ष उलटा करणारी एक ओळ घातली, पुन्हा कंपाईल केला आणि चालवला. वरचा काठ वर गेला, तळ खाली आला, आणि तीच रेघ आता घसरत घसरत खाली उतरली.

"बघा, बघा!" काका उभेच राहिले. "येका वळीत पोरीनं समदं उलटं केलं. उद्या म्हनंल तर आडवं करंल. ह्याच्यावर इस्वास ठिवायचा व्हय?"

पण उत्तर मला द्यावंच लागलं नाही. आमच्या बाजूनं आई म्हणाली, "दादा, दोर जास्ती गेला म्हंजी पानी वर का खाली?" काका काही बोलायच्या आत गावातल्या बायाच खुदकन हसल्या. पलीकडच्या रांगेतली एक म्हणाली, "बापयांनी कवा पानी शेंदलंय? दोर जास्ती गेला की पानी खालीच गेलं, ह्यात काय सांगायचं?" दोन्ही बाजूंच्या बाया एकाच वेळी बोलायला लागल्या. सरपंचबाईंनी टेबल वाजवलं, पण त्यांनाही हसू आवरत नव्हतं.

काका बसले. चेहरा पडला नव्हता मात्र. "बरं, गेलं खाली," ते म्हणाले. "उन्हाळ्यात समद्यांच्याच हिरी खाली जात्यात. त्यात आमच्या मोटारींचा काय गुन्हा?"

हा प्रश्न खरा होता. रेघ खाली जात होती, पण ती उन्हानं जात होती की मोटारींनी, हे रेघ सांगत नव्हती. वाटलं, एवढं सगळं केलं आणि विहीर हातातून गेली. ग्रामसेवकांनी पेनाचं टोपण काढलं.

तेवढ्यात काकांच्याच मागं बसलेल्या एका म्हाताऱ्या शेतकऱ्यानं भिंतीकडं बोट केलं. "आन त्ये मधलं टेकाड कशाचं गं? खाली जाता जाता वर का आलं?"

"मला नाही माहीत बाबा," मी म्हणाले. "होळीनंतर आठवडाभर पाणी आपोआप वर आलं होतं. का, ते आम्हालाही कळलं नाही. आकडे आईनं दिलेत, मी फक्त मांडलेत."

"होळीनंतर?" काका पटकन म्हणाले. "होळीनंतर पानी येईल कुठनं? होळीनंतर तर आपली डीपी जळाली हुती. लाईट न्हाई, काय न्हाई. मी सोता तालुक्याला खेटं घालीत हुतो ट्रान्सफॉर्मरसाठी. माझा आक्खा कांदा गोलटी राह्यला त्या आठवड्यात, त्याला पानीच..."

ते मधेच थांबले.

सगळ्या हॉलला एकदमच कळलं. डीपी जळाली, तलावातल्या मोटारी बंद पडल्या, कांदा बारीक राहिला, आणि त्याच आठवड्यात ओढ्याकाठी आमची विहीर वर आली. नवी डीपी बसली, मोटारी पुन्हा सुरू झाल्या, विहीर पुन्हा खाली. वस्तीतली घरं दुसऱ्या लाईनीवर, आमचे दिवे चालूच होते. आमच्याकडं शेतीची लाईट नाही, मोटारी नाहीत, म्हणून आम्हाला मेळ लागला नव्हता. ज्यांच्या मोटारी, त्यांनाच तो लागला. झरे बुजलेली विहीर अशी वर येत नसते, हे पठारावरच्या माणसाला वेगळं समजावून सांगावं लागत नाही.

मला काकांची गंमत वाटायला हवी होती, आमचं काम झालं होतं. पण मला त्या माणसाबद्दल आदरच वाटला. कारण त्यांनी आपलं वाक्य मागं घेतलं नाही, फिरवलं नाही. हलकेच म्हणाले, "व्हय. त्याच आठवड्यात. बरोब्बर हाय."

सरपंचबाईंनी निकामी विहिरीचा ठराव मागं घेतला. आता दुसरा ठराव लिहायचा होता. वस्तीची विहीर पिण्याच्या पाण्याची म्हणून राखायची आणि होळीपासून पाऊस पडेपर्यंत तलावात कुणी मोटार सोडायची नाही. ग्रामसेवकांनी मजकूर लिहिला आणि मान वर करून विचारलं, "सूचक कोण?"

मी बोलायला तोंड उघडलं, तर आई आधीच उभी. लग्न होऊन ती या गावात आली तेव्हापासून कितीतरी ग्रामसभांना ती सही करून मागच्या रांगेत बसली आणि उठून घरी आली. तिनं आपलं नाव सांगितलं. स्वतःचं, मग माझ्या बाबांचं, मग आडनाव, एकेक शब्द सुटा करून, ग्रामसेवकांना लिहायला वेळ मिळावा म्हणून थांबत थांबत. त्यांचं लिहून झाल्यावर म्हणाली, "वाचून दावा." त्यांनी वाचून दाखवलं. मी लॅपटॉपकडं तोंड केलं.

"अनुमोदक?"

वस्तीतले तीन-चार हात वर झाले. ग्रामसेवक म्हणाले, एक पुरे, कुणाचं लिहू? तेव्हा पलीकडच्या बाजूनं खुर्ची सरकल्याचा आवाज आला. बागायतदार काका उभे होते. टोपी सारखी करत, आमच्याकडं न बघता, ते ग्रामसेवकांना म्हणाले,

"तिच्या नावाखाली माझं लिवा."